वनहक्क दावा तोंडी नाकारला असेल तर आधी लेखी आदेश मागा

ताई, "उपग्रहाच्या फोटोत शेत दिसत नाही, दावा अमान्य" असं सांगून तुमच्या वडिलांना परत पाठवलं आणि आता तुम्ही विचारताय, प्लॉट सरकारकडून विकत घेता येईल का. आमच्या घरी हेच घडलं होतं, म्हणून सविस्तर लिहितो.

वनपट्टा, म्हणजे वनहक्क कायद्यानं कसत असलेल्या वनजमिनीवर मिळणारा हक्क, विकत मिळत नाही. 13 डिसेंबर 2005 च्या आधीपासूनचा ताबा सिद्ध झाला, तर कसत असलेली जमीन, जास्तीत जास्त 4 हेक्टर, नवरा-बायको दोघांच्या नावे होते. ती वारसांना जाते, विकता येत नाही. गुंठ्यामागे पैसे मागणारा कुणी आला तर त्याला दारातूनच परत पाठवा.

आमचं खरं नुकसान केलं ते एका कार्यालयानं. दावा नाकारला, पण कागद दिलाच नाही. साहेब दौऱ्यावर आहेत, फाईल वर गेलीय, पुढच्या आठवड्यात या. आदेशच हातात नाही, तर अपील कशावर करायचं? तेवढ्यात आमची शेती लहानपणापासून पाहिलेले गावातले म्हातारे एकेक करून गेले. त्यांचे लेखी जबाब हा कायद्यानं मान्य केलेला पुरावा आहे. तो आम्ही कायमचा गमावला. याचा राग अजून जात नाही.

म्हणून नकाराचा आदेश मागणारा लेखी अर्ज आजच द्या, आवक शिक्का मारून पोच घ्या. 2012 च्या दुरुस्तीनंतर वनहक्क कायद्याचे नियम स्पष्ट आहेत: नाकारायचं तर सविस्तर कारणं नोंदवायची, दावेदाराला समक्ष कळवायचं, आणि तिथून 60 दिवसांत अपील. उपग्रहाचा फोटो हा फक्त पूरक पुरावा. डोंगरउतारावर नाचणी-वरई, मधे राखलेली मोहाची झाडं. वरून ते जंगलच दिसणार! प्रत्यक्ष पाहणीचा आग्रह धरा.

एकसाली प्लॉटचे, म्हणजे वर्षाच्या करारानं कसायला दिलेल्या वनजमिनीचे कागद, जंगल खात्याच्या दंडाच्या जुन्या पावत्या घरात शोधा. ज्या दंडानं आजोबांना छळलं, तीच पावती आज ताबा सिद्ध करते. निदान दोन पुरावे हवेत.

मी वकील नाही. तुम्ही आदिवासी नसाल तर तीन पिढ्यांचा, म्हणजे 75 वर्षांचा रहिवास दाखवावा लागतो. ते प्रकरण जास्त अवघड आहे, जाणकाराला विचारा. वनहक्क दावे तपासणाऱ्या जिल्हा समितीनंही नाकारलं आणि गाव अनुसूचित क्षेत्रात, म्हणजे सरकारनं जाहीर केलेल्या आदिवासी भागात असेल, तर 2020 पासून विभागीय समितीकडे दाद मागता येते. दाव्याची पडताळणी पूर्ण होईपर्यंत कुणीही तुम्हाला जमिनीवरून उठवू शकत नाही, त्यामुळे यंदाची पेरणी थांबवू नका.