कंपनी बुडाली, मग माझ्या केसचं काय?

प्रश्न: नमस्कार वकीलसाहेब, अंबड एमआयडीसीत माझं छोटं वर्कशॉप आहे. एका प्रायव्हेट लिमिटेड कंपनीचं जॉबवर्क करायचो, त्यांच्याकडे 11 लाख अडकलेत. नाशिक कोर्टात वसुलीचा दावा टाकलाय, एक चेक बाऊन्स झाला त्याची केस वेगळी चालू आहे. आता त्यांच्या गेटवर नोटीस लागलीय, कंपनी लिक्विडेशनमध्ये गेली म्हणून, आणि डायरेक्टर म्हणतो आता कुठलीच केस चालत नसते, विसरा. खरंय का? त्यांचे दोन डाय (साचे) माझ्याकडे पडून आहेत, ते भंगारात घालू का?

उत्तर: डायचं आधी बोलू, कारण तिथे तुम्हीच गोत्यात याल. डाय कंपनीचे, म्हणजे आता ते लिक्विडेटरच्या, म्हणजे बुडालेल्या कंपनीची मालमत्ता विकून देणी वाटायला नेमलेल्या माणसाच्या, ताब्यातली मालमत्ता. विकू नका, फोटो काढा, वजन आणि नंबर लिहून ठेवा आणि ईमेलने त्याला कळवा की हे माझ्याकडे आहेत आणि माझं इतकं बिल बाकी आहे. उलट तुमचं एखादं फिक्श्चर त्यांच्या शेडमध्ये राहिलं असेल तर खरेदीचं बिल दाखवून परत मागा, दुसऱ्याच्या मालकीची वस्तू लिक्विडेशनच्या मालमत्तेत धरता येत नाही.

आता दावा. डायरेक्टर अर्धं खरं बोलतोय. गेटवरच्या नोटिशीचा फोटो तुम्ही पाठवलात त्यावर एनसीएलटी (राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरण) मुंबई आणि कलम 33 लिहिलंय, म्हणजे हे 2016 च्या दिवाळखोरी कायद्यातलं लिक्विडेशन. या कलमात कंपनीविरुद्ध नवीन दावा दाखल करायला मनाई आहे, चालू दाव्याबद्दल तसा शब्द नाही. त्याआधी, कंपनी वाचवायचा प्रयत्न चालू असताना, कलम 14 चा मोरॅटोरियम म्हणजे कारवायांना स्थगिती असते, त्यात मात्र चालू दावेही थांबतात, तुमच्या केसला मध्यंतरी तारखांवर तारखा का पडल्या ते आता लक्षात आलं असेल. आणि 2013 च्या कंपनी कायद्याखाली वाइंडिंग अप (कंपनी गुंडाळणं) झालं असतं तर कलम 279 लागलं असतं, तिथे नवा काय नि जुना काय, ट्रिब्युनलच्या परवानगीशिवाय काहीच हलत नाही. म्हणून ऑर्डर कुठल्या कायद्याखालची आहे ते आधी बघायचं, आमच्यातलेही बरेच वकील इथेच घोळ घालतात.

तुमच्या वकिलांना सांगा, पुरसिस (लेखी निवेदन) देऊन कोर्टाला कळवा आणि लिक्विडेटरला रेकॉर्डवर आणा. पण डिक्री मिळाली तरी मशिनरीवर जप्ती नेता येणार नाही, पैसे कलम 53 च्या रांगेतूनच वाटले जातात. त्यामुळे खरं काम क्लेमचं. लिक्विडेशन सुरू झाल्यापासून 30 दिवसांत लिक्विडेटरकडे फॉर्म सी, म्हणजे माल किंवा कामाचं बिल बाकी असलेल्यांचा अर्ज, भरायचा, सोबत पीओ (परचेस ऑर्डर), चलन, इनव्हॉइस, लेजर. तुमची मुदत अंक छापून येईपर्यंत संपली असती, म्हणून फोन करून आधीच सांगितलं होतं, भरला असेल अशी आशा. रांगेत पुढे कामगार आणि तारण असलेल्या बँका, जॉबवर्कवाले बरेच मागे, तेव्हा 11 च्या 11 लाखांवर नजर ठेवून बसू नका.

तुमचा खरा जोर चेकच्या केसमध्ये आहे. सुप्रीम कोर्टाने 2021 मध्ये सांगितलंय की मोरॅटोरियममध्ये कलम 138 ची, म्हणजे चेक बाऊन्सची, केस कंपनीवर थांबते, सही करणाऱ्या आणि कारभार बघणाऱ्या डायरेक्टरवर नाही. फक्त तारखा तपासा. गुन्हा चेक परत आल्याच्या दिवशी होत नाही, नोटीस मिळून 15 दिवसांत पैसे दिले नाहीत की होतो, आणि त्याआधीच कंपनीचा कारभार रिझोल्यूशन प्रोफेशनलकडे (मोरॅटोरियमच्या काळात कंपनी चालवायला नेमलेल्या माणसाकडे) गेला असेल तर डायरेक्टर सुटू शकतो, 2025 मध्ये एका केसमध्ये तसं झालंय. डायरेक्टरने पर्सनल गॅरंटी लिहून दिली असेल तर तीही शोधून काढा, तो रस्ता वेगळा आहे.

प्रश्न: सातपूरच्या अशाच एका बंद कंपनीत मी ऑपरेटर होतो. पगार आणि ग्रॅच्युइटी बाकी आहे, कामगार न्यायालयात केस आहे. मी काय करू?

उत्तर: केस राहू द्या, पण फॉर्म ई, म्हणजे कामगारांचा क्लेमचा अर्ज, लिक्विडेटरकडे लगेच भरा. लिक्विडेशनच्या आधीच्या 24 महिन्यांचा कामगारांचा पगार तारणवाल्या बँकांच्या बरोबरीने येतो. पीएफ आणि ग्रॅच्युइटी फंडातले पैसे तर वाटपाच्या मालमत्तेतच धरत नाहीत, त्यामुळे ती रक्कम पगारात मिसळून एकच आकडा लिहू नका, वेगळी दाखवा. पगाराच्या स्लिपा नसतील तर बँकेचं पासबुक आणि ईएसआय कार्ड जोडा.