हप्ता कळला, व्याजाचं काय?

वाचकांचे प्रश्न : गृहकर्ज

प्रश्न : डोंबिवलीत वन बीएचके घेतोय. ५० लाखांचं कर्ज ८.५ टक्क्यांनी २० वर्षांसाठी मंजूर झालंय, हप्ता ४३,३९१ रुपये. बँकेतल्या मॅडम म्हणाल्या, सध्याच्या भाड्यात थोडी भर घातली की घर तुमचं. मित्र म्हणतो, घर दुप्पट किमतीला पडतं. कोणाचं खरं?
— एक वाचक, डोंबिवली

उत्तर : आकड्यापुरतं मित्राचं खरं आहे. ४३,३९१ रुपयांचे २४० हप्ते मिळून होतात १ कोटी ४ लाख १४ हजार. यातलं व्याज ५४ लाखांच्या वर, म्हणजे मुद्दलापेक्षा जास्त. पण या बेरजेपेक्षा पैसे कोणत्या क्रमाने जातात ते बघा, कारण कर्ज महाग पडतं ते तिथेच.

पहिल्या महिन्यात ५० लाखांवरचं व्याज ३५,४१७ रुपये. बँक हप्त्यातून आधी व्याज वळतं करून घेते, त्यामुळे मुद्दलाच्या वाट्याला येतात ७,९७४ रुपये. पहिल्या वर्षात तुम्ही ५ लाख २१ हजार भराल आणि कर्ज कमी होईल ते लाखभरानेही नाही, ९९,५०० ने. पाच वर्षांत २६ लाख भरून झाले तरी ४४ लाख ६ हजार बाकी दिसतील. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा होतो तो १४३ व्या हप्त्याला, म्हणजे बारावं वर्ष संपता संपता. चार-पाच वर्षांत घर विकणाऱ्यांना बँकेचा बाकीचा आकडा पाहून धक्का बसतो तो यामुळेच.

मुदत बदलली की काय होतं तेही पाहा. हेच कर्ज १५ वर्षांचं केलं तर हप्ता ४९,२३७ आणि एकूण व्याज ३८ लाख ६३ हजार. ३० वर्षांचं केलं तर हप्ता ३८,४४६ आणि व्याज ८८ लाख ४० हजार. म्हणजे हप्ता पाच हजारांनी हलका करून घेण्यासाठी ३४ लाख जादा मोजायचे. अर्थात वीस वर्षांनंतरच्या ४३ हजारांची किंमत आजच्याएवढी नसेल, पगारही तेवढाच राहणार नाही, म्हणून १ कोटी ४ लाखांना घाबरून घर सोडण्याचं कारण नाही. फक्त एजंट मुदत वाढवून 'परवडणारा' हप्ता पुढे करतो, तेव्हा त्याच्याकडून एकूण व्याजाचा आकडाही लिहून घ्या.

मॅडमच्या भाड्याच्या हिशेबात सोसायटीचा मेंटेनन्स, मालमत्ता कर आणि घराचा विमा धरलेला नसतो. शिवाय ३० ते ७५ लाखांच्या कर्जात बँक घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच देते आणि मुद्रांक शुल्क, नोंदणी फी या किमतीत धरत नाही. उरलेले २० टक्के अधिक हे शुल्क तुमच्या खिशातून. ते भरायला पर्सनल लोन काढणारे बरेच असतात. त्याचा दर गृहकर्जापेक्षा बराच चढा असतो, तेव्हा तो मार्ग नको.

प्रश्न : मंजुरीपत्रात व्याज ८.५ टक्के लिहिलंय, सोबतच्या कागदावर 'वार्षिक टक्केवारी दर' त्याहून जास्त आहे. बँक दोन दर लावते का? आणि कर्जात दीड लाखाचा विमा घातलाय, तो घ्यावाच लागतो का?
— एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : व्याजदर एकच आहे. तो दुसरा कागद म्हणजे 'की फॅक्ट स्टेटमेंट'. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या किरकोळ कर्जांना ते देणं रिझर्व्ह बँकेने बंधनकारक केलं आहे. प्रोसेसिंग फी, तीवरचा १८ टक्के जीएसटी, बँकेमार्फत घेतलेला वकिलाचा आणि विम्याचा खर्च असं सगळं धरून जो दर पडतो, तो तिथे छापावा लागतो. दोन बँकांची तुलना करायची तर याच आकड्याची करा. ८.४ टक्केवाली बँक फी आणि विमा धरून ८.५ टक्केवालीपेक्षा महाग निघू शकते.

विम्याची गोष्ट जरा नीट समजून घ्या. कर्ज ५० लाखांचं, २० वर्षांचं धरू. दीड लाखाचा एकरकमी हप्ता त्यात मिसळला की कर्ज ५१ लाख ५० हजारांचं होतं. त्या दीड लाखापोटी दरमहा १,३०२ रुपये असे २४० महिने भरायचे, म्हणजे ३ लाख १२ हजार. विमा हवाच, कमावत्या माणसाच्या मागे कर्ज राहू नये. पण अमुक कंपनीचाच घ्या अशी सक्ती बँकेला करता येत नाही. तुमची स्वतंत्र टर्म पॉलिसी असेल तर ती दाखवा आणि 'विमा नको' असं अर्जावर लिहून द्या. बँकेमार्फतचाच घ्यायचा असेल तर हप्ता रोख भरा, कर्जात घालू नका. यातल्या बऱ्याच पॉलिसींत विम्याचं कवच दरवर्षी कमी होत जातं आणि कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं की पॉलिसीचं काय होणार हा घोळ उरतो.

महाराष्ट्रात आणखी एक छोटा खर्च आहे. घराची कागदपत्रं बँकेकडे ठेवून गहाण केलं की त्यावर मुद्रांक शुल्क लागतं आणि ३० दिवसांच्या आत दुय्यम निबंधकाकडे 'नोटीस ऑफ इंटिमेशन' (घर गहाण ठेवल्याची सूचना) दाखल करावी लागते. एजंट या दोन्ही गोष्टी सहसा शेवटच्या दिवशी सांगतो.

प्रश्न : जानेवारी २०२२ मध्ये ४० लाखांचं कर्ज घेतलं, दर ६.७५, मुदत २० वर्षं. चार वर्षांत एकही हप्ता चुकवला नाही. हप्ता तेव्हाही ३०,४१५ होता, आजही तेवढाच. २४० पैकी ४८ भरले, म्हणजे १९२ राहायला हवेत. उतारा २९० दाखवतो! बाकी ३८ लाख ९८ हजार, दर ८ टक्के. बँकेची चूक आहे ना?
— एक वाचक, नाशिक

उत्तर : चूक नाही, पण तुम्हाला वेळेवर नीट सांगितलं गेलं नाही हे उघड आहे. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो) ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. तुमचा दर रेपोशी जोडलेला, त्यामुळे तोही ९.२५ च्या घरात पोचला. साधारण ३९ लाखांवर सव्वानऊ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज होतं ३०,०६३ रुपये. तुमचा हप्ता ३०,४१५. मुद्दलात महिन्याला चारशे रुपयेही जात नव्हते! हप्ता वाढवला नाही म्हणून बँकेला मुदत ताणावी लागली. २०२५ मध्ये चार टप्प्यांत रेपो सव्वा टक्का उतरला, तेव्हा कुठे कर्ज पुन्हा हलायला लागलं.

आता करायचं काय? १९२ हप्त्यांतच संपवायचं असेल तर हप्ता सुमारे ३६,०५० रुपये करावा लागेल. म्हणजे महिन्याला साडेपाच हजारांच्या आसपास जास्त. त्या बदल्यात पुढचा एकूण भरणा ८८ लाख २० हजारांवरून ६९ लाख २० हजारांवर येतो. १९ लाखांचा फरक आहे, तेव्हा याच महिन्यात लेखी अर्ज द्या. एकदम जमत नसेल तर आधी तीन हजारांनी वाढवा, पगारवाढ झाली की पुन्हा.

रिझर्व्ह बँकेच्या १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकानुसार दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की थोडं-थोडं दोन्ही, हा पर्याय कर्जदाराला द्यावा लागतो. दर तिमाहीला आतापर्यंत वसूल झालेलं मुद्दल-व्याज, उरलेले हप्ते आणि दर दाखवणारा उतारा मिळायला हवा. तो ईमेलने येतो आणि जाहिरातींच्या ढिगात जातो. त्यातली उरलेल्या हप्त्यांची ओळ तेवढी वाचत चला.

एक गोष्ट इतर वाचकांसाठी. बँकांनी नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाह्य मापदंडाशी (बहुधा रेपोशी) जोडण्याचा नियम १ ऑक्टोबर २०१९ पासूनचा. त्याआधीचं कर्ज असेल तर ते एमसीएलआर किंवा बेस रेटवरच (बँक स्वतःच्या खर्चावरून ठरवते ते जुने मापदंड) असण्याची शक्यता आहे. हाउसिंग फायनान्स कंपनीला तर हा नियमच लागू नाही, तिचा दर तिच्या स्वतःच्या मापदंडावर चालतो. अशा कर्जांत रेपो उतरला तरी दर उतरायला वेळ लागतो. थोडी फी भरून दर बदलून मिळतो का ते विचारा.

प्रश्न : वर्षाच्या बोनसमधले दोन लाख कर्जात भरू की एफडीत ठेवू?
— एक वाचक, रत्नागिरी

उत्तर : तीन-चार महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते बाजूला ठेवलेले असतील तर कर्जात भरा. साडेआठ टक्के व्याज वाचणं म्हणजे करमुक्त साडेआठ टक्के मिळणं. एफडीच्या व्याजावर कर लागतो. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरल्याबद्दल दंड घेता येत नाही.

किती फरक पडतो ते वरच्या ५० लाखांच्या कर्जावर पाहा. पहिलं वर्ष संपताना दोन लाख भरून हप्ता तोच ठेवला तर सुमारे २१ हप्ते वाचतात, व्याज वाचतं जवळपास सव्वासात लाख. तेच दोन लाख पंधरावं वर्ष संपताना भरले तर जेमतेम एक लाख वाचतं.

आता गंमत. काउंटरवर पार्ट पेमेंटचा अर्ज भरताना 'हप्ता कमी' की 'मुदत कमी' असा रकाना असतो. तिथे 'हप्ता कमी' वर टिक गेली तर हप्ता ४१,६२० होईल, पण मुदत हलणार नाही आणि व्याजाची बचत फक्त दोन लाखांच्या आसपास राहील. (सुटलेले १,७७१ रुपये दरमहा तुम्ही शिस्तीने गुंतवलेत तर तफावत कमी होते, पण ते सहसा किराण्यात जातात.) टिक नीट करा, पोच घ्या आणि महिन्याभरानंतर नवं परतफेडीचं वेळापत्रक मागून तपासा. पैसे जमा झाले, पण मुद्दलात न वळवता पुढच्या हप्त्यांसाठी आगाऊ म्हणून पडून राहिले, असंही घडतं.

प्रश्न : पाच वर्षं झाली, बाकी ४४ लाख, दर ९ टक्के, हप्ता ४४,७०० च्या आसपास, १५ वर्षं उरलीत. दुसरी बँक ८.५ टक्क्यांनी घेते म्हणते आणि हप्ता ३८,२४० वर आणून देते. न्यावं का?
— एक वाचक, छत्रपती संभाजीनगर

उत्तर : दर अर्धा टक्का उतरला तर तेवढ्याच मुदतीत हप्ता १,३०० रुपयांनी कमी व्हायला हवा. इथे तो साडेसहा हजारांनी उतरतोय, म्हणजे नव्या बँकेने तुम्हाला गुपचूप पुन्हा २० वर्षांवर नेलं आहे. आहे तिथे राहिलात तर पुढे ८० लाख ४५ हजार भराल. नव्या बँकेत ९१ लाख ७७ हजार. दर स्वस्त आणि कर्ज सव्वाअकरा लाखांनी महाग.

१५ वर्षं लेखी कायम ठेवत असतील तर ४३,४०० च्या आसपास हप्ता पडेल आणि एकूण सव्वादोन लाखांवर वाचतील. त्यातून नवी प्रोसेसिंग फी, मूल्यांकन, सर्च रिपोर्ट (मालकीच्या कागदांची तपासणी), नव्या गहाणाचं मुद्रांक शुल्क वजा करा. पण त्याआधी दुसऱ्या बँकेचं मंजुरीपत्र स्वतःच्या शाखेत दाखवा. दर उतरवून देण्याची फी या सगळ्या खर्चापेक्षा बहुधा बरीच कमी असते. सोबत 'टॉपअप'ही (त्याच घरावर वाढीव कर्ज) मिळेल म्हणतील. गाडीसाठी किंवा लग्नासाठी पंधरा वर्षं व्याज भरायचं असेल तरच घ्या.

प्रश्न : वाघोलीत इमारतीचं काम सुरू आहे, सध्या प्री-ईएमआय भरतोय. ताबा अडीच वर्षांनी. याचा कर्जावर परिणाम होतो का?
— एक वाचक, पुणे

उत्तर : प्री-ईएमआय म्हणजे वितरित झालेल्या रकमेवरचं निव्वळ व्याज. मुद्दलाला तो स्पर्शही करत नाही. स्लॅबप्रमाणे रक्कम जात असताना सरासरी २५ लाख वितरित आहेत असं धरलं तर साडेआठ टक्क्यांनी महिन्याला १७,७०८ आणि ३० महिन्यांत ५ लाख ३१ हजार. त्यानंतर तुमची २० वर्षं सुरू होतात. घरभाडं भरूनही जमत असेल तर आत्तापासून पूर्ण हप्ता सुरू करायला सांगा. व्याज वजा जाता उरेल ते सगळं मुद्दलात जाईल. जुन्या करप्रणालीत हे बांधकामाच्या काळातलं व्याज काम पूर्ण झालेल्या वर्षापासून पाच समान भागांत वजावटीला मिळतं, तेही दोन लाखांच्या वार्षिक मर्यादेतच. नव्या करप्रणालीत स्वतः राहत्या घराच्या व्याजाला वजावट नाही.

ताबा करारातल्या तारखेपेक्षा लांबला आणि तुम्हाला प्रकल्पात राहायचं असेल, तर विलंबाच्या प्रत्येक महिन्याचं व्याज बिल्डरकडून मागता येतं. महारेराच्या (राज्यातल्या बिल्डरांवर देखरेख करणाऱ्या प्राधिकरणाच्या) नियमात त्याचा दर स्टेट बँकेचा सर्वाधिक एमसीएलआर अधिक २ टक्के आहे. करारात तारीख स्पष्ट आहे ना, ते आजच बघून घ्या.

प्रश्न : शेवटचा हप्ता भरला. मूळ कागद अजून मिळाले नाहीत.
— एक वाचक, सातारा

उत्तर : पूर्ण फेडीनंतर ३० दिवसांत मूळ कागद परत करणं आणि नोंदवलेला बोजा उठवणं बँकेवर बंधनकारक आहे. बँकेच्या कारणाने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. कर्जखातं बंद झाल्याचं पत्र, ना-हरकत दाखला आणि कागदांची यादी (कर्ज घेताना दिलेल्या पोचेशी पडताळून) घ्या. जमीन किंवा बंगला असेल तर सातबारावरच्या इतर हक्कांतला बोजा कमी करण्याचा अर्ज तलाठ्याकडे द्या, फ्लॅट असेल तर सोसायटीच्या दप्तरातली बँकेची नोंद काढून घ्या.