निर्वासितांच्या आठवणींत तपशील जुळत नाहीत, मग त्या खऱ्या कशा मानायच्या?

यादवीतून जीव वाचवून आलेली माणसं एकच प्रसंग दोनदा वेगळा सांगतात, मग विश्वास कसा ठेवायचा, असं तुम्ही विचारलंय. श्रीलंकेतून तमिळनाडूत आलेल्या तमिळ निर्वासितांच्या मुलाखती मी काही काळ उतरवून घेत होतो, तेवढ्यावरून सांगतो.

मला उलट घोटून पाठ झालेल्या हकिगतीचं कुतूहल वाटतं. निर्वासित कुणाला म्हणायचं हे ठरवणाऱ्या 1951 च्या आंतरराष्ट्रीय करारात नुसतं युद्धातून पळालो म्हणून भागत नाही. वंश, धर्म, राष्ट्रीयत्व, सामाजिक गट किंवा राजकीय मत यांपैकी कशामुळे तरी छळ होईल अशी साधार भीती दाखवावी लागते. त्यामुळे कॅनडा-स्वित्झर्लंडला गेलेल्यांना आपलं आयुष्य त्या चौकटीत बसवून अधिकाऱ्यांपुढे पुन्हा पुन्हा सांगावं लागलं. ते खोटं नसतं, फक्त इस्त्री केलेलं असतं. भारताने त्या करारावर सहीच केलेली नाही. इथे आलेल्यांचं बोलणं बरंचसं चुरगळलेलंच राहिलं.

श्रीलंकेच्या वायव्य किनाऱ्यावरच्या मन्नारकडच्या एका अम्मांना मी निघाल्याचं साल विचारलं. म्हणाल्या, "धाकट्याचे पुढचे दोन दात पडले होते." धाकटा शेजारीच बसला होता, चाळिशीतला. त्याच्या जन्मसालावरून हिशेब केला तर 1990 आलं. श्रीलंकेत पाठवलेली भारतीय शांतिसेना त्या मार्चमध्ये परतली आणि जूनमध्ये तिथलं सरकार आणि तमिळ वाघ (एलटीटीई) यांची लढाई पुन्हा पेटली, तेच साल. दातांचा पुरावा पक्का निघाला!

गोंधळ पुढे होता. नावाड्याने त्यांना अंधारात रामसेतूच्या एका वाळूच्या बेटावर उतरवलं, समोरचे दिवे दाखवून "हेच रामेश्वरम" म्हणाला आणि होडी वळवली. उजाडल्यावर कळलं, मध्ये समुद्रच आहे. बेटावर किती रात्री काढल्या? अम्मा म्हणाल्या, एक. मी तसंच लिहिलं. नंतर धाकटा कशासाठी तरी उठून बाहेर गेला, तेव्हा हळूच म्हणाल्या, दोन. बरोबर पाण्याचा एक डबा होता, पूर्वी रॉकेलचा, पाण्याला वास यायचा. दुसऱ्या रात्री शेजारच्या बाईने बाळासाठी घोटभर मागितलं आणि अम्मांनी डबा पदराखाली ओढून घेतला.

तेव्हा दोन हकिगती जुळेनात तर ऐकायला कोण बसलं होतं तेवढं आधी बघा. माझ्या वहीत दोन्ही आकडे आहेत. नावाड्याचं नाव मात्र अम्मांनी शेवटपर्यंत सांगितलं नाही, इतकी वर्षं उलटूनही. मीही मग विचारायचं सोडलं.