साताऱ्याहून कासला दोघे बसून इलेक्ट्रिक स्कूटर जाईल का? बॅटरी ३ किलोवॅट-तासाची आहे.

जाईल, आणि परतही येईल. फक्त जाहिरातीतली रेंज घाटात धरू नका.

सातारा ते कास साधारण २५ किलोमीटर, चढ ४५० मीटरच्या आसपास. स्कूटर आणि दोघे मिळून २५० किलो धरले, तर एवढं वजन वर चढवायलाच ०.३ युनिट (म्हणजे किलोवॅट-तास) लागतं. मोटर-कंट्रोलरमध्ये वाया जाणारं धरून ०.४. त्यात सपाटीचा खर्च मिळवा: किलोमीटरला ३० वॅट-तास, म्हणजे ०.७५. एकूण सव्वा युनिटाच्या आत, म्हणजे वर पोचेपर्यंत ४० टक्के चार्ज उतरेल. परतीला याच्या निम्मंही लागू नये.

खरी अडचण बॅटरीची नाही, उष्णतेची आहे. यवतेश्वरच्या चढावर वेग कमी आणि जोर जास्त, त्यामुळे मोटर तापते; चाकातच बसवलेली हब मोटर तर लवकरच. ठरावीक तापमानानंतर गाडी स्वतःहून ताकद कमी करते. लोकांना वाटतं बिघाड झाला. तसं नसतं! सावलीत पंधरा मिनिटं थांबा, मग इको मोडमध्ये ३०-३५च्या वेगाने चढा.

वर मुक्कामी चार्ज करणार असाल तर ९० टक्क्यांवरच पिन काढा. उतारावर वेग आवरताना मोटरच उलट वीज तयार करते, तिला रीजन म्हणतात. पूर्ण भरलेली बॅटरी ही वीज घेत नाही, मग सगळा भार ब्रेकवर येतो.

निघताना दोन्ही टायरमधली हवा तपासा, दोघे असताना मागच्यात विशेष. घरी आल्यावर अर्धा तास गाडी निवू द्या, मगच चार्जिंगला लावा.