करोनाकाळात झाडीपट्टीची नाटके थेट मोबाइलवर का गेली नाहीत?

कारण पूर्व विदर्भातील झाडीपट्टी भागात गावोगावी होणाऱ्या या नाटकांचे अर्थकारण पडद्यावर नव्हे, तर मंडपातील तिकिटांवर उभे आहे. गावातील मंडळ गडचिरोली जिल्ह्यातील वडसा या गावच्या एखाद्या नाट्यकंपनीशी ठराविक रकमेचा करार करते आणि ती रक्कम रात्रभर चालणाऱ्या प्रयोगाच्या तिकिटांतून वसूल करते. मंडईच्या, म्हणजे दिवाळीनंतर गावोगावी भरणाऱ्या जत्रेच्या निमित्ताने घरोघरी आलेले पाहुणे हाच त्याचा मोठा प्रेक्षकवर्ग असतो, आणि तो मोबाइलसमोर बसून तिकीट घेईल, ही अपेक्षाच मुळात भाबडी होती. राज्य शासनाने ५ नोव्हेंबर २०२० पासून नाट्यगृहांना ५० टक्के आसनक्षमतेची परवानगी दिली खरी, पण ती बंदिस्त सभागृहांचा विचार करून दिलेली होती. शेतात उभारलेल्या मंडपाला अर्ध्या गर्दीत खर्चही भरून काढणे कठीण. मात्र २०१९-२० चा हंगाम टाळेबंदीने बुडाला, असे म्हणता येणार नाही, कारण हा हंगाम साधारणतः दिवाळीनंतर सुरू होऊन होळीच्या सुमारास संपतो, तर देशव्यापी टाळेबंदी होळीनंतर, २५ मार्च २०२० रोजी लागू झाली. खरा फटका बसला तो पुढच्या हंगामाला. हे विवेचन भंडारा, गोंदिया, चंद्रपूर व गडचिरोली या पट्ट्यापुरतेच आहे.