पाण्याच्या रिपोर्टमध्ये आर्सेनिक ०.०१२ मिग्रॅ/लिटर आलंय आणि मर्यादा १० मायक्रोग्रॅम/लिटर लिहिलीये, मग पाणी पास की नापास? आणि ५००० लिटरच्या टाकीत २ पीपीएम क्लोरीनसाठी ब्लीचिंग पावडर किती टाकायची?

आधी आर्सेनिकचं सांगतो, नापास आहे. १ मिलिग्रॅम म्हणजे १००० मायक्रोग्रॅम, त्यामुळे ०.०१२ मिग्रॅ म्हणजे १२ मायक्रोग्रॅम, आणि १० ही जागतिक आरोग्य संघटनेची मर्यादा आहे. ०.०१२ बघून "अरे हे तर शून्यच" असं वाटतं आणि तिथेच माणूस फसतो, म्हणून तुलना करायच्या आधी दोन्ही आकडे एकाच एककात आणायचेच. उकळून आर्सेनिक जात नाही, उलट पाणी आटलं की प्रमाण थोडं वाढतंच, तेव्हा पिण्यासाठी दुसरं पाणी बघा आणि नमुना परत तपासून घ्या.

पीपीएम म्हणजे दहा लाख भागांत एक भाग. एक लिटर पाण्याचं वजन साधारण १ किलो, म्हणजे दहा लाख मिलिग्रॅम, म्हणून पाण्यात १ मिग्रॅ/लिटर आणि १ पीपीएम एकच धरतात. तसंच १ मायक्रोग्रॅम/लिटर म्हणजे १ पीपीबी (अब्ज भागांत एक भाग). पण हे पातळ द्रावणापुरतंच बरं का, समुद्राच्या पाण्यात किलोमागे साधारण ३५ ग्रॅम क्षार असतात, एक लिटरचं वजनच १.०२५ किलोच्या आसपास भरतं, त्यामुळे तिथे ३५,००० पीपीएम म्हणजे लिटरमागे जवळजवळ ३५,९०० मिग्रॅ होतात.

आता टाकी. २ मिग्रॅ/लिटर गुणिले ५००० लिटर, लिटर-लिटर कटले, उरले १०,००० मिग्रॅ म्हणजे १० ग्रॅम. मी नेहमी आकड्यासोबत एकक लिहूनच गुणतो, कारण काय कटतंय ते दिसलं की गुणायचं की भागायचं हा गोंधळच उरत नाही. टाकीचं माप घनमीटरमध्ये असेल तर अजून सोपं, १ ग्रॅम/घनमीटर म्हणजेच १ मिग्रॅ/लिटर, ५ घनमीटर गुणिले २, झाले १० ग्रॅम.

पण हे १० ग्रॅम क्लोरीनचे, पावडरचे नाहीत! पावडरमध्ये ३३ टक्के क्लोरीन असेल तर १० भागिले ०.३३, साधारण ३० ग्रॅम पावडर लागेल, आणि तीच पावडर पडून पडून २५ टक्क्यांवर आली असेल तर ४० ग्रॅम. पाकिटावरची टक्केवारी बघा, जुनी पावडर हमखास कमजोर झालेली असते. शिवाय पाण्यातली घाण थोडं क्लोरीन खाते, त्यामुळे अर्ध्या तासाने टेस्ट किटने किती उरलंय ते तपासा.

अजून एक, रिपोर्टमध्ये मिलिग्रॅम नक्की कशाचे ते वाचा, कारण नायट्रेटमध्ये याने मोठा घोळ होतो. जागतिक आरोग्य संघटनेची ५० मिग्रॅ/लिटर ही मर्यादा पूर्ण नायट्रेटची, तीच फक्त नायट्रोजन म्हणून मोजली तर साधारण ११.३ होते (नायट्रोजनचं अणुवजन १४, नायट्रेटमधल्या सगळ्या अणूंचं मिळून ६२). म्हणजे रिपोर्टमध्ये "नायट्रेट, नायट्रोजन म्हणून २०" असं असेल तर ते २० ला ६२/१४ ने गुणून साधारण ८९ मिग्रॅ नायट्रेट झालं. असं पाणी बाळाच्या दुधाला अजिबात वापरू नका, आणि हेही उकळून कमी होत नाही.