‘त्याच प्रतीवरून’ म्हणजे कुठल्या प्रतीवरून?

अमळनेरचे एक वाचक लिहितात: कॉम्प्युटर रिपेअरिंगचं दुकान आहे. लहानपणी टीव्हीला जोडून खेळलेल्या गेमांच्या आठवणीपायी जुन्या कन्सोलचे गेम जमवले, रेट्रोआर्क या एमुलेटरमध्ये, म्हणजे जुने गेम संगणकावर चालवणाऱ्या प्रोग्राममध्ये, नीट लावले. मग ओळखीच्यांना मेमरी कार्डं भरून दिली, आणि पुढे व्हॉट्सॲप स्टेटसला टाकलं, ‘६४ जीबी, ८००० गेम, लावून मिळतील.’ एका गेम कंपनीतर्फे दिल्लीच्या वकिलांची नोटीस आली. १५ दिवसांत हमीपत्रावर सही करा, विक्रीचा हिशेब द्या, भरपाई भरा. नोटीस येऊन आज ४३ दिवस झाले. ती दुकानाच्या ड्रॉवरमध्ये आहे. ‘एमुलेटर तर कायदेशीर आहे ना? माझ्याकडे ओरिजिनल कॅसेटीही आहेत. पैसे मी गेमचे नाही, सेटअपचे घेतो. आते काय करू, साहेब?’

भाऊ, अशा मजकुराचं हे पहिलं पत्र नाही. चाळीसगावहून आलं, शहाद्याहून आलं, आणि प्रत्येकाने पहिला प्रश्न एमुलेटरचाच विचारला. तो प्रश्न तुमच्या कामाचा नाही. रेट्रोआर्क हा खुला प्रोग्राम आहे, तो लॅपटॉपवर असण्याबद्दल तुम्हाला कुणी नोटीस दिलेली नाही. २००० साली अमेरिकेतल्या अपील कोर्टाने सोनी विरुद्ध कनेक्टिक्स या दाव्यात एमुलेटर बनवणाऱ्याच्या बाजूने निकाल दिला, हे इंटरनेटवर सगळ्यांना पाठ असतं. २०२४ मध्ये युझू हा एमुलेटर बनवणाऱ्यांनी निन्टेन्डोला २४ लाख डॉलर कबूल करून गाशा गुंडाळला, हे मात्र कुणी सांगत नाही. दोन्ही गोष्टी अमेरिकेतल्या. आपल्या कोर्टावर त्या बंधनकारक नाहीत, आणि तुमचं प्रकरण त्यांच्यावर अडलेलंही नाही.

ते अडलंय दोन शब्दांवर. कॉपीराइट कायदा १९५७, कलम ५२(१)(एए). संगणक प्रोग्रामची प्रत ज्याच्या कायदेशीर ताब्यात आहे, त्याने त्याच प्रतीवरून, हरवण्या-बिघडण्यापासून बचाव म्हणून, बॅकअप प्रत काढली तर तो भंग नाही. ‘कॅसेट माझ्याकडे आहे’ असं म्हणणारे सगळे याच कलमाच्या आडोशाला उभे असतात. ‘त्याच प्रतीवरून’ हे दोन शब्द मात्र कुणी वाचत नाही. तुमच्या कपाटातल्या कॅसेटीवरून, तुमच्या हाताने, कार्ट रीडर (कॅसेट वाचून तिची फाइल करणारं यंत्र) लावून फाइल काढली असेल तर हे कलम तुमचं. तोच गेम वेबसाइटवरून उतरवला, तर ती दुसऱ्याच्या प्रतीची प्रत झाली. कपाटात कॅसेट असली तरी. फाइल शेवटच्या बाइटपर्यंत सारखी असली, तरी.

आता तुम्ही पाठवलेला स्क्रीनशॉट. हौसेने पाठवलात, ते कळलं. काम खरंच नेटकं आहे: कन्सोलनिहाय फोल्डर, बायोसचा (कन्सोल सुरू करणाऱ्या मूळ प्रोग्रामचा) वेगळा, दोन-तीन डिस्कच्या गेमना एकत्र बांधणाऱ्या एम३यू फायली, प्रत्येक गेमला डब्याचं चित्र. समोरच्या वकिलाला मेहनतच उरलेली नाही. एकाच गेमच्या नावापुढे कंसात एकदा यूएसए, एकदा युरोप, एकदा जपान. अमळनेरात राहून एका गेमच्या तीन खंडांतल्या तीन कॅसेटी कुणाकडे असतात? आणि एनईएसच्या (निन्टेन्डोच्या जुन्या कन्सोलच्या) फोल्डरमधल्या झाडून सगळ्या फायलींची तारीख एकच. एका रात्रीत इतक्या कॅसेटी कुणी वाचून काढलेल्या नाहीत, हे न्यायाधीशांना गेममधलं ओ की ठो कळत नसलं तरी कळेल.

तुम्ही लिहिता, रेट्रोआर्कने सगळे गेम ‘ओळखले’, म्हणजे ते ओरिजिनल आहेत. तसं नाही. ते फाइलचा चेकसम, म्हणजे तिच्यातल्या मजकुरावरून काढलेला ओळख-आकडा, आपल्या यादीशी ताडून पाहतं आणि जुळला की नाव लावतं. तुम्ही स्वतः काढलेली चांगली प्रतही जुळेल, उतरवलेलीही जुळेल. फाइल कुठून आली हे चेकसम सांगत नाही. ते तुम्हाला दाखवावं लागेल: रीडर कधी घेतला त्याचं बिल, कुठली कॅसेट कधी वाचली त्याची नोंद. यातलं काही आहे? पत्रात तरी नाही.

आणि ‘ओरिजिनल कॅसेटी’. फोटोत मोजल्या, अकरा. त्यातल्या नऊ पिवळ्या, वर ‘९९९९ इन १’ छापलेलं. उन्हाळ्याच्या सुट्टीत असल्याच कॅसेटीवर कॉन्ट्रा खेळण्यात मीही दुपारच्या दुपारी घालवल्या आहेत. नीट लागली नाही की तळाला फुंकर मारायची आणि पुन्हा खुपसायची. पण त्या मुळातच परवान्याशिवाय बनवलेल्या. तुमच्या आठवणी ओरिजिनल आहेत, कॅसेटी नाहीत. भंगातून आलेल्या प्रतीवरून काढलेला बॅकअप हा बॅकअप ठरत नाही, कारण कलमाची सुरुवातच कायदेशीर ताब्यापासून होते. उरल्या दोन.

तर कॅसेटींच्या जोरावर ८००० पैकी दोन. त्यासुद्धा तुम्ही स्वतः वाचून काढल्या असतील तर, आणि स्वतःपुरत्या ठेवल्या असतील तर. कारण हे कलम बॅकअप ठेवायला परवानगी देतं, दुसऱ्याला भरून द्यायला नाही. ‘पैसे सेटअपचे’ हा बचाव मी कोर्टात मांडणार नाही, तुमच्या वकिलानेही मांडू नये. स्टेटसमध्ये आकडा गेमांचा होता, आणि कोऱ्या कार्डाच्या जवळजवळ दुप्पट भाव तुम्ही घेतलात, तोही बिलावर ‘गेम्ससह’ असं लिहून. हे बिल फाडायची बुद्धी झाली नाही ते बरं, पण लिहायची कशाला झाली?

व्यापारासाठी केलेल्या भंगाला कलम ६३ खाली ६ महिने ते ३ वर्षं कैद आणि ५० हजार ते २ लाख दंड आहे. धंद्यातल्या नफ्यासाठी नसेल तर कोर्ट खास कारणं नोंदवून शिक्षा कमी करू शकतं. तुमच्या बिलाने ती वाट अरुंद केली. २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निट प्रो प्रकरणात हा गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र ठरवला. घाबरून जाऊ नका. ७ वर्षांच्या आतल्या शिक्षेच्या गुन्ह्यात पोलिसांनी सहसा आधी हजर राहण्याची नोटीस द्यायची असते. ती आली तर त्या तारखेला जा. तिलाही ड्रॉवर दाखवू नका.

त्या ड्रॉवरबद्दलच खरं बोलायचंय. १५ दिवसांत दोन परिच्छेदांचं उत्तर गेलं असतं, तर अशी प्रकरणं बहुतेकदा विक्री बंद करण्याच्या हमीवर मिटतात. तुम्ही ४३ दिवस ‘जे व्हई ते व्हई’ म्हणून बसलात. आता समोरच्याला सांगायला मिळालं, की नोटीस देऊनही विक्री चालूच आहे, तेव्हा एकतर्फी मनाई हुकूम द्या. आपल्या कोर्टांचा हा न्याय मला अजून पचलेला नाही. जळगाव-धुळ्याला शेताच्या बांधाचा दावा घातला तर नातवाला तारखा मिळतात, पण असा मनाई हुकूम पहिल्याच तारखेला मिळू शकतो, आणि सोबत कोर्ट कमिशनर नेमला तर तो थेट दुकानात येऊन लॅपटॉपला सील लावतो. त्यात गिऱ्हाइकांचे दुरुस्तीला आलेले लॅपटॉपही असणार.

म्हणून कॅव्हेट, म्हणजे ‘आमचं ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नका’ असा आधीच केलेला अर्ज. दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम १४८अ. जळगाव जिल्हा न्यायालयात, आणि नोटीस दिल्लीची आहे म्हणून दिल्ली उच्च न्यायालयातही. कॉपीराइटच्या दाव्यात वादी स्वतःच्या गावात दावा घालू शकतो. २०१५ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या संजय दालिया निकालाने त्याला थोडी वेसण घातली, पण तुमच्या बाबतीत ती किती लागू पडेल ते कंपनीचं ऑफिस कुठे आहे त्यावर ठरेल. कॅव्हेटची मुदत ९० दिवस. संपली की पुन्हा दाखल करायची. तारीख कॅलेंडरवर लिहा, लक्षात ठेवतो म्हणू नका.

आज रात्री घाईने सगळं डिलीट करायचं मनात असेल, तर करू नका. नोटीस मिळाल्यावर पुसलेली हार्ड डिस्क भरलेल्या डिस्कपेक्षा वाईट दिसते, आणि पुरावा नष्ट केल्याचा वेगळा गुन्हा अंगाला लागतो. विक्री मात्र या मिनिटाला थांबवा, स्टेटस काढा, पण त्याचा स्क्रीनशॉट जपून ठेवा. हमीपत्र आलंय तसं सही करू नका. त्यातलं तिसरं कलम तुमच्याकडून ‘८००० कृतींच्या प्रती करून विकल्या’ असं वदवून घेतंय. पुढे विक्री करणार नाही, एवढीच हमी आपल्या शब्दांत द्यायची. भरपाईचा आकडा वाटाघाटीत कुठे थांबेल, ते आजच सांगता येणार नाही. विकलेली कार्डं किती, त्यावर बरंच अवलंबून राहील.

छंद पुढे चालवायचाच असेल, तर तुम्ही पत्रात लिहिलेल्या, आतेभावाने दुबईहून आणलेल्या प्लेस्टेशनच्या त्या सहा काळ्या डिस्का तुमच्या आहेत. त्यांच्या बिन-क्यू (डिस्कची फाइलरूप नक्कल) प्रती स्वतः काढा, कुणाला देऊ नका, डिस्का विकल्या तर प्रतीही पुसा. डिस्कचं कॉपी रोखणारं कुलूप तोडण्याबद्दलचं कलम ६५ए आपल्याकडे भंगाचा हेतू असला तरच लागतं, त्यामुळे स्वतःच्या बॅकअपला त्याचा फार धोका मला दिसत नाही, पण यावर पैज लावणार नाही. बायोस फाइल हासुद्धा प्रोग्रामच आहे, तिलाही ‘त्याच प्रतीवरून’ लागू. पीसीएसएक्स-रीआर्म्ड हा कोअर (रेट्रोआर्कला जोडायचा प्लेस्टेशनचा एमुलेटर) स्वतःच्या पर्यायी बायोसवर बरेच गेम चालवतो, तो वापरा.

वकिलाकडे जाताना नोटीस पाकिटासकट न्या. पोस्टाचा शिक्का पाकिटावर असतो, आणि दिवस त्यावरून मोजतात. पाकीट फेकून दिलं असेल तर पोस्टमनने सही कुठल्या तारखेला घेतली ते पोस्टातून काढा. अकरा कॅसेटी न्यायची गरज नाही. त्या दोन न्या.